एका पत्राची किंमत

१९६४ साली अमेरिकेच्या इलिनॉय राज्यातील मार्विन पिकरिंग नावाच्या एका शाळाशिक्षकाने स्थानिक वृत्तपत्राच्या संपादकांना एक पत्र लिहिले. शाळामंडळाकडे येणाऱ्या पैशापैकी किती पैसा शिक्षणावर आणि किती क्रीडास्पर्धांवर खर्च होतो, आणि करवाढीची खरी कारणे लोकांना सांगितली जातात काय, असा त्या पत्राचा रोख होता. पत्र छापून आले आणि मंडळाने शिक्षकाला नोकरीवरून दूर केले. पत्रातील काही विधाने वस्तुस्थितीला धरून नव्हती, हेही पुढे दिसून आले. राज्यातील न्यायालयांनी मंडळाचीच बाजू उचलून धरली. परंतु १९६८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला. शाळेचा पैसा कसा खर्च व्हावा हा सार्वजनिक हिताचा प्रश्न आहे आणि त्यावर शिक्षकाइतके माहीतगार मत दुसऱ्या कोणाचे असणार? जाणूनबुजून किंवा बेफिकिरीने खोटे लिहिल्याचे सिद्ध झाल्याखेरीज केवळ पत्र लिहिले म्हणून शिक्षकाची भाकरी काढून घेता येणार नाही, असा त्या निकालाचा आशय होता.

नागरी स्वातंत्र्ये देशोदेशी कशी बदलतात हे समजून घ्यायचे, तर राज्यघटनांची पुस्तके उघडण्यापेक्षा असे एक साधे पत्र हाती घेणे अधिक उपयोगाचे ठरते. हेच पत्र स्टॉकहोममध्ये, सिंगापुरात, बीजिंगमध्ये किंवा नागपुरात लिहिले गेले तर लिहिणाऱ्याला त्याची काय किंमत मोजावी लागेल? स्वातंत्र्य मोजण्याची खरी मोजपट्टी ही आहे.

राज्यघटनांच्या पुस्तकांवर विसंबता येत नाही, याचे कारण त्या जवळजवळ सारख्याच बोलतात. १९३६ च्या सोव्हिएत राज्यघटनेच्या १२५ व्या कलमाने भाषण, मुद्रण, सभा आणि मिरवणुका यांचे स्वातंत्र्य दिले होते. इतकेच नव्हे, तर त्यासाठी श्रमिकांना छापखाने, कागदाचे साठे, सार्वजनिक इमारती आणि रस्ते उपलब्ध करून देण्याची हमीही दिली होती. एवढी सढळ हमी अमेरिकेच्या किंवा आपल्या घटनेतही नाही. पण ही हमी दिल्यानंतरच्या दोनच वर्षांत, १९३७ आणि १९३८ मध्ये, त्या राजवटीच्या स्वतःच्या नोंदींप्रमाणे सुमारे ६ लाख ८० हजार माणसांना मृत्युदंड देण्यात आला. चीनच्या १९८२ च्या घटनेतील ३५ वे कलमही भाषण, मुद्रण, सभा, संघटना आणि निदर्शने यांचे स्वातंत्र्य मान्य करते. तरीही राजकीय सुधारणांची मागणी करणारी सनद आणि काही निबंध एवढ्या भांडवलावर लिऊ शाओबो यांना २००९ मध्ये अकरा वर्षांची शिक्षा झाली, २०१० चे शांततेचे नोबेल पारितोषिक त्यांच्या रिकाम्या खुर्चीला मिळाले आणि २०१७ मध्ये शिक्षा भोगत असतानाच त्यांचा मृत्यू झाला. उलट ब्रिटनकडे एका ग्रंथात संहिताबद्ध केलेली राज्यघटनाच नाही, पण तेथील वृत्तपत्रे पंतप्रधानांना रोज धारेवर धरतात. तात्पर्य, फरक कलमांच्या शब्दांत नाही, तो अन्यत्र शोधला पाहिजे.

मुक्त देशांतही एकमत नाही

मुक्त म्हणवणाऱ्या देशांतही स्वातंत्र्याची सीमारेषा एकाच ठिकाणी आखलेली नाही, हे प्रथम लक्षात घ्यावयास हवे. १९७७ साली अमेरिकेतील नाझीवाद्यांच्या एका छोट्या गटाने शिकागोजवळच्या स्कोकी या वसाहतीत मोर्चा काढण्याचे ठरवले. हिटलरच्या छळछावण्यांतून वाचलेली अनेक यहुदी कुटुंबे तेथे राहत होती. तरीही न्यायालयांनी मोर्चाचा हक्क मान्य केला. मत कितीही किळसवाणे असले तरी तात्काळ हिंसेला चिथावणी दिल्याशिवाय ते दंडनीय होत नाही, हे सूत्र अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९६९ मध्येच घालून दिले होते. प्रत्यक्षात तो मोर्चा स्कोकीत निघाला नाही, पण हक्क तेवढा प्रस्थापित झाला.

जर्मनीत मात्र त्याच स्वस्तिकाचे जाहीर प्रदर्शन हा गुन्हा आहे आणि यहुद्यांचा संहार झालाच नाही असे म्हणणे हाही गुन्हा आहे. वायमार प्रजासत्ताकाने आपल्या शत्रूंना मोकळीक दिली आणि त्या शत्रूंनी प्रजासत्ताकच गिळले, या अनुभवातून १९४९ ची जर्मन घटना जन्मली. लोकशाही बुडवण्यासाठी स्वातंत्र्य वापरणाऱ्याचे ते स्वातंत्र्य हिरावून घेण्याची तरतूद त्या घटनेत आहे. १९५२ मध्ये एका नवनाझी पक्षावर आणि १९५६ मध्ये कम्युनिस्ट पक्षावर तेथील घटना न्यायालयाने बंदी घातली. एकाच अनिष्टाकडे पाहून दोन देशांनी दोन निराळी अनुमाने काढली.

म्हणून जर्मनी अमेरिकेपेक्षा कमी मुक्त ठरतो काय? १९६२ मध्ये ‘डेर श्पीगल’ या साप्ताहिकाने सैन्याच्या सज्जतेवर टीका केली, तेव्हा संपादक रुडॉल्फ आउगश्टाइन यांना शंभराहून अधिक दिवस तुरुंगात काढावे लागले. पण त्यावरून देशात एवढे वादळ उठले की शेवटी संरक्षणमंत्र्यांनाच पद सोडावे लागले. मर्यादा असणे निराळे आणि ती सत्ताधाऱ्याच्या लहरीवर असणे निराळे. दुसरीकडे, अमेरिकेचा इतिहासही सरळ नाही. १९१८ मध्ये युद्धविरोधी भाषण केल्याबद्दल यूजीन डेब्ज या समाजवादी नेत्याला दहा वर्षांची शिक्षा झाली आणि १९२० ची अध्यक्षीय निवडणूक त्याने तुरुंगातून लढवली. भाषणस्वातंत्र्याची घटनादुरुस्ती १७९१ चीच होती, १९१८ मध्येही तीच आणि १९६८ मध्येही तीच. शब्द न बदलता अर्थ बदलला, आणि तो बदलवला तो स्वतंत्र न्यायालयांनी व हट्टी नागरिकांनी.

छापण्याआधी की छापल्यानंतर?

सीमारेषा कोठे आहे याइतकाच महत्त्वाचा प्रश्न म्हणजे ती केव्हा दाखवली जाते. छापलेल्या मजकुराबद्दल नंतर न्यायालयात जाब देणे आणि छापण्यापूर्वीच अधिकाऱ्याच्या टेबलावर मजकूर ठेवणे, यांत जमीनअस्मानाचे अंतर आहे. पहिल्या पद्धतीत वाचकाला मजकूर मिळतो आणि निवाडा उघड्यावर होतो. दुसऱ्या पद्धतीत काय गाळले गेले हेही वाचकाला कळत नाही. इंग्लंडमध्ये मुद्रणाच्या परवान्याचा कायदा १६९५ मध्ये संपुष्टात आला, तेथून आधुनिक वृत्तपत्रस्वातंत्र्याची वाट सुरू झाली असे मानण्यास हरकत नाही.

१९७१ च्या जूनमध्ये ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने व्हिएतनाम युद्धाचे गुप्त दस्तऐवज छापण्यास सुरुवात केली. सरकारने मनाईहुकूम मिळवला. परंतु अवघ्या पंधरवड्यात सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी तो उठवला. ब्रिटनमध्ये मात्र ‘स्पायकॅचर’ या गुप्तहेराच्या आठवणींचे पुस्तक १९८७ साली अमेरिकेत खुलेआम विकले जात असताना, इंग्लंडमधील वृत्तपत्रांवर त्यातील मजकूर छापण्यास बंदी होती. ती उठण्यास १९८८ चा ऑक्टोबर उजाडला. लोकशाहीच्या दोन जुन्या घरांत एकाच प्रकारच्या प्रश्नाला लागलेला हा निराळा वेळ बोलका आहे.

आपल्याकडे २५ जून १९७५ रोजी आणीबाणी आली आणि तिच्यापाठोपाठ प्रकाशनपूर्व तपासणी आली. त्या काळातही सगळेच गप्प राहिले नाहीत. मिनू मसानी यांच्या ‘फ्रीडम फर्स्ट’ मासिकातील मजकूर नाकारणाऱ्या तपासनिसाचा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने फेब्रुवारी १९७६ मध्ये रद्दबातल ठरवला. सर्व वृत्तपत्रांना एकाच सुरात गायला लावणे हे तपासनिसाचे काम नव्हे, असा त्या निकालाचा इत्यर्थ होता. त्याच्या दोन महिने आधी कऱ्हाडच्या साहित्य संमेलनात अध्यक्षा दुर्गा भागवत यांनी केंद्रातील मंत्री असलेल्या यशवंतराव चव्हाणांच्या उपस्थितीत लेखनस्वातंत्र्याच्या बाजूने आवाज उठवला होता. पुढे त्यांनाही तुरुंगात जावे लागले.

खटल्याआधीची शिक्षा

भाषणस्वातंत्र्य एकटे उभे राहू शकत नाही. ज्याला विनाचौकशी उचलून नेता येते त्याच्या जिभेला स्वातंत्र्य दिले काय आणि न दिले काय, सारखेच. सिंगापूरचे विरोधी खासदार चिया थाय पो यांना १९६६ मध्ये अंतर्गत सुरक्षा कायद्याखाली स्थानबद्ध करण्यात आले. त्यांच्यावर खटला भरला गेला नाही, आरोप सिद्ध झाला नाही, पण तेवीस वर्षे ते बंदिवासात राहिले. १९८९ नंतरही त्यांच्यावर निर्बंध होते, ते पूर्णपणे उठले १९९८ मध्ये.

आपणही याबाबत निश्चिंत राहावे अशी परिस्थिती नाही. आणीबाणीत एक लाखाहून अधिक माणसे स्थानबद्ध झाली. एप्रिल १९७६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मताने असा निर्णय दिला की, आणीबाणी असेतोवर बेकायदा अटकेविरुद्धही नागरिकाला न्यायालयाचे दार ठोठावता येणार नाही. त्या वेळी न्यायमूर्ती ह. रा. खन्ना एकटेच विरुद्ध बाजूला उभे राहिले. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने जीविताचा व व्यक्तिस्वातंत्र्याचा हक्क आणीबाणीतही तहकूब होणार नाही अशी व्यवस्था केली, आणि २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आपला तो जुना निकाल चुकीचा होता हे स्पष्ट शब्दांत मान्य केले. चूक दुरुस्त झाली, पण तिला एकेचाळीस वर्षे लागली.

शिवाय प्रतिबंधक स्थानबद्धतेला आपल्या घटनेच्या बाविसाव्या कलमातच, शांततेच्या काळासाठीही, जागा दिलेली आहे. ब्रिटनमध्ये दहशतवादाच्या संशयितालासुद्धा आरोप न ठेवता चौदा दिवसांपलीकडे ठेवता येत नाही. आपल्या बेकायदा कारवाया प्रतिबंधक कायद्यात आरोपपत्र दाखल करण्यास १८० दिवसांपर्यंत मुदत मिळू शकते आणि २००८ च्या दुरुस्तीनंतर जामीन मिळणे अत्यंत दुरापास्त झाले आहे. देशातील तुरुंगांत असलेल्यांपैकी सुमारे तीन चतुर्थांश माणसे कच्चे कैदी आहेत. निर्दोष सुटणाऱ्याची मधली वर्षे परत कोण देणार? अशा ठिकाणी निकालाची वाट पाहावी लागत नाही, खटला हीच शिक्षा होते.

कागद कोणाचा?

स्वातंत्र्याच्या चर्चेत अर्थशास्त्राचा भाग नेहमी मागे राहतो. विचार मनात येतो, पण तो लोकांपर्यंत जातो कागदावरून, छपाईयंत्रावरून आणि जाहिरातीच्या पैशावरून. सोव्हिएत घटनेने कागदाचे साठे देऊ केले होते खरे. पण जो कागद देतो तोच काय छापायचे हे ठरवतो, एवढेच ती सांगायला विसरली होती.

या प्रश्नावरील भारतातील एक मूलगामी लढाई पुण्याच्या ‘सकाळ’ने लढवली, ही गोष्ट मराठी वाचकाने ध्यानात ठेवण्याजोगी आहे. १९५६ चा कायदा आणि १९६० चा आदेश यांनी वृत्तपत्राची किंमत आणि पानांची संख्या यांची सांगड घातली होती. मोठ्या पत्रांनी छोट्यांना गिळू नये, असा त्यामागचा हेतू सांगितला गेला. ‘सकाळ’पुढे दोनच मार्ग उरले. पाने कमी करायची म्हणजे मजकूर घटणार, किंमत वाढवायची म्हणजे खप घटणार. १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो कायदा व आदेश घटनाबाह्य ठरवले. खप हा देखील भाषणस्वातंत्र्याचाच भाग आहे आणि व्यापाराचे नियमन करण्याच्या नावाखाली त्याला कात्री लावता येणार नाही, असे न्यायालयाने सांगितले. १९७२ मध्ये वृत्तपत्रीय कागदाच्या वाटपातून दहा पानांची मर्यादा घालणारे धोरणही याच तर्काने कोसळले.

सिंगापूरने १९७४ च्या कायद्याने निराळी वाट धरली. तेथे वृत्तपत्र कंपन्यांचे विशेष मताधिकार असलेले भाग केवळ सरकारच्या संमतीनेच धारण करता येतात. तपासनीस बसवण्याची गरजच मग उरत नाही. परंतु केवळ सरकारकडे बोट दाखवून भागणार नाही. जेथे वृत्तसंस्था मूठभर उद्योगसमूहांच्या हाती जातात आणि उत्पन्नाचा मोठा वाटा सरकारी व खाजगी जाहिरातींतून येतो, तेथे मनाईहुकूम न काढताही बातमी दाबली जाते. ‘सकाळ’ खटल्याने सरकारच्या कात्रीपासून वृत्तपत्रांना वाचवले. मालकाच्या कात्रीपासून वाचवणारा निकाल अजून कोणत्याही देशाला सापडलेला नाही.

स्वातंत्र्य ही श्रीमंतांची चैन?

येथे एक आक्षेप हमखास घेतला जातो. सिंगापूरचे दरडोई उत्पन्न पाहा, चीनची प्रगती पाहा, आधी भाकरी आणि मग भाषण, असे सांगितले जाते. हा युक्तिवाद हसण्यावारी नेण्यासारखा नाही, कारण सिंगापूरची समृद्धी खरी आहे आणि चीनने कोट्यवधींना दारिद्र्यातून वर काढले हेही खरे आहे.

पण हिशेबाची दुसरी बाजू अमर्त्य सेन यांनी मांडली. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळात पारतंत्र्यातील सरकार आकडे झाकत राहिले आणि सेन यांच्या अंदाजाने सुमारे तीस लाख माणसे मेली. त्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये ‘स्टेट्समन’ने कलकत्त्याच्या रस्त्यांवरील उपासमारीची छायाचित्रे छापली, तेव्हा कोठे जगाचे लक्ष तिकडे वेधले गेले. १९५८ ते १९६१ या काळात चीनमध्ये दुष्काळात किती बळी गेले याचे अंदाज दीड कोटीपासून साडेचार कोटींपर्यंत जातात. अधिकारी वरिष्ठांना खूश करण्यासाठी फुगवलेले पिकांचे आकडे कळवत राहिले आणि ते खोटे आहेत असे सांगणारे वृत्तपत्र नव्हते, विरोधी पक्षही नव्हता. महाराष्ट्रातील १९७२–७३ चा दुष्काळ ज्यांनी पाहिला, त्यांना पिके बुडूनही माणसे वाचली ती कशी हे सांगावे लागत नाही. मोर्चे निघाले, वृत्तपत्रे लिहीत राहिली, विधिमंडळात सरकारची कोंडी झाली, आणि १९७३ च्या उन्हाळ्यात पन्नास लाखांच्या घरात माणसे दुष्काळी कामांवर होती. रोजगार हमी योजनेला बळ मिळाले ते याच काळात.

अर्थात, मुक्त वृत्तपत्रे सर्व दुखण्यांवरचे औषध नव्हेत. दुष्काळ ही बातमी होते. रोजचे कुपोषण बातमी होत नाही, आणि म्हणूनच स्वतंत्र भारतात पहिल्याला आळा बसला, दुसऱ्याला बसला नाही. पण ज्या समाजात वाईट बातमी देणाऱ्याचा गळा धरला जातो, तेथे राज्यकर्ताही आंधळाच राहतो. डिसेंबर २०१९ मध्ये वूहानमधील नेत्रतज्ज्ञ ली वेनलियांग यांनी नव्या रोगाबद्दल आपल्या सहकारी डॉक्टरांना सावध केले. ३ जानेवारी २०२० रोजी पोलिसांनी अफवा पसरवल्याबद्दल त्यांच्याकडून समजपत्रावर सही घेतली. ७ फेब्रुवारीला त्याच रोगाने त्यांचा मृत्यू झाला. पुढच्या महिन्यात ते समजपत्र मागे घेण्यात आले, पण तोवर रोग देशोदेशी पोहोचला होता.

आपली जागा कोठे?

अमेरिकेची पहिली घटनादुरुस्ती विधिमंडळाचे हात बांधते, तर १९५१ ची आपली पहिली घटनादुरुस्ती ते सैल करते. मुंबईहून निघणाऱ्या ‘क्रॉस रोड्स’ साप्ताहिकावर मद्रास सरकारने घातलेली बंदी १९५० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उठवली, त्यानंतर ‘सार्वजनिक सुव्यवस्था’ हे बंधन घटनेत आले. मात्र त्याच दुरुस्तीने बंधने ‘वाजवी’ असली पाहिजेत हा शब्दही घातला, आणि आपल्या स्वातंत्र्याची सारी भिस्त आजवर त्या एका शब्दावर राहिली आहे. लोकमान्यांना १८९७ आणि १९०८ मध्ये ज्या राजद्रोहाच्या कलमाने तुरुंगात धाडले, तो गुन्हा खुद्द ब्रिटनने २००९ मध्ये आपल्या कायद्यातून काढून टाकला. आपल्याकडे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये त्याची अंमलबजावणी थांबवली. जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत ‘राजद्रोह’ हा शब्द नाही, पण सार्वभौमत्व व एकता धोक्यात आणणाऱ्या कृत्यांबद्दल जन्मठेपेपर्यंत शिक्षा देणारे १५२ वे कलम आहे. नाव बदलले की वृत्ती बदलली, याचे उत्तर येणारे खटलेच देतील. २०२५ च्या जागतिक वृत्तपत्रस्वातंत्र्य निर्देशांकात नॉर्वे पहिला आणि भारत १८० देशांत १५१ वा होता. असे निर्देशांक मतांवर आधारलेले असतात, त्यांत त्रुटी असतात, हे मान्य केले तरी त्या क्रमांकाने समाधान वाटावे असे काही नाही.

आता पुन्हा त्या शिक्षकाच्या पत्राकडे वळावे. स्वीडनमध्ये १७६६ पासून सरकारी कागदपत्रे पाहणे हा नागरिकाचा हक्क आहे. एवढेच नव्हे, तर सरकारी नोकराने वृत्तपत्राला माहिती दिली तर ती कोणी दिली याचा शोध घेण्यासही तेथील सरकारी खात्यांना कायद्याने मनाई आहे. अमेरिकेत पिकरिंगला नोकरी परत मिळाली, जरी २००६ च्या एका निकालाने कामाच्या ओघात केलेल्या वक्तव्याचे संरक्षण तेथेही कमी झाले. आपल्याकडे २००५ च्या माहिती अधिकार कायद्याने स्वीडनच्या दिशेने एक मोठे पाऊल टाकले. बाहेरचा नागरिक आता दहा रुपयांच्या अर्जावर शाळेच्या खर्चाचा हिशेब मागू शकतो. परंतु त्याच शाळेतील सरकारी शिक्षकाने किंवा कचेरीतील कारकुनाने तोच हिशेब मांडून सरकारी धोरणावर टीका करणारे पत्र संपादकांना लिहिले, तर वर्तणूक नियम आड येतात. केंद्र सरकारच्या १९६४ च्या नियमांत तर निनावी किंवा टोपणनावाने केलेली टीकाही निषिद्ध आहे. गोपनीयता, शिस्त आणि निःपक्षपात यांसाठी काही बंधने हवीत, हे कोणीही मान्य करील. पण शाळेच्या छपराला गळती लागली आहे हे ज्याला रोज दिसते, त्यालाच ते लिहिण्याची बंदी असावी, हे कोणत्या शिस्तीत बसते?

स्वातंत्र्याची परीक्षा संसदेतील भाषणांवरून किंवा संपादकांच्या धाडसावरून पुरी होत नाही. वरिष्ठांना नको असलेली खरी गोष्ट स्वतःच्या नावाने लिहून एखादा सामान्य शिक्षक दुसऱ्या दिवशी निर्धास्तपणे वर्गात जाऊ शकतो काय, यावरून ती होते. ज्या देशात तो तसा जाऊ शकतो, तो देश मुक्त. जेथे तो पत्र लिहून पाकिटात घालतो आणि मग घरच्यांचा विचार करून फाडून टाकतो, तेथे घटनेची कलमे कितीही सुंदर असोत, स्वातंत्र्य अजून कागदावरच आहे.